धामणीचा दाखला

काटेसाहेबांनी त्या रविवारी सोसायटीच्या मीटिंगला जायला नको होतं. बरं, गेले ते गेले, मागच्या रांगेत बसून, चहा पिऊन गुपचूप परत यायचं होतं. तोंड उघडायला तर मुळीच नको होतं. हे आता सगळ्यांना पटलंय, काटेसाहेबांना सगळ्यात जास्त. पण त्याचा धामणीला काही उपयोग नाही आणि सासऱ्यांनाही नाही.

काटे हे त्यांचं आडनाव नव्हे. ते वजनमापे खात्यात इन्स्पेक्टर. बाजारात हिंडून दुकानदारांचे काटे तपासायचे, बरोबर निघाले की शिक्का मारायचा, ही नोकरी. भाजीवाल्यापासून सोनारापर्यंत सगळे त्यांना काटेसाहेब म्हणत, म्हणून मग सोसायटीही म्हणायला लागली. नोकरीचा माणसाच्या स्वभावावर परिणाम होतो असं म्हणतात. काटेसाहेबांच्या बाबतीत स्वभाव असा वेगळा उरलाच नव्हता, सगळी नोकरीच होती. काटा अगदी बिनचूक असला पण त्यावर शिक्का नसला, तर तो काटाच नव्हे, असं त्यांचं ठाम मत. दुकानदार गयावया करायचा, "साहेब, गुंजभराचा फरक नाही, बघा तरी." साहेब म्हणायचे, "हे तू म्हणतोस. लेखी आहे का?" या एका वाक्यावर त्यांची सगळी कारकीर्द उभी होती.

सासूबाई गेल्यावर सासरे त्यांच्याकडे राहायला आले. सासरे टेलिफोन एक्स्चेंजमधून निवृत्त झालेले. जन्मभर दुसऱ्यांची बोलणी जोडून दिली, त्यात स्वतःच्या वाट्याची बोलणी खर्ची पडली असावीत. त्यात सासरा आणि जावई हे नातंच मोठं अवघड. दोघांनी एकमेकांना इतका मान द्यायचा असतो, की बोलायला जागाच राहत नाही. संध्याकाळी दोघं पुढच्या खोलीत दोन खुर्च्यांवर बसत. सासरे विचारत, "पेपर झाला का?" काटेसाहेब पेपर पुढे करत. मग बऱ्याच वेळाने सासरे विचारत, "पंखा जरा कमी करू का?" काटेसाहेब म्हणत, "करा ना." झालं, त्या दिवसापुरतं संपलं. बायको आतून ऐकायची आणि कपाळाला हात लावायची. "अहो, माझे वडील आहेत ते," ती म्हणायची, "तुमच्या हेड ऑफिसातून तपासणीला आलेले नाहीत. बोला की काहीतरी." काटेसाहेब दुसऱ्या दिवशी ठरवून बसत, घसा साफ करत, आणि तेवढ्यात सासरे म्हणत, "पेपर झाला का?"

मग धामण आली.

मागच्या गॅलरीतून खाली सोसायटीचं पंपघर दिसतं. त्याला लागून जुन्या फरश्यांचा ढीग होता. कुठल्याशा कमिटीने जिन्यात नव्या फरश्या बसवल्या तेव्हा काढलेल्या जुन्या. पुढच्या प्रत्येक कमिटीने त्या उचलायचा ठराव केला होता, म्हणून त्या तिथेच होत्या. सकाळी ऊन भिंतीवरून उतरून त्या ढिगावर आलं, की फटीतून ती बाहेर यायची. लांबच लांब, पिवळट तपकिरी, अंगाला तेल लावल्यासारखी. सावकाश यायची आणि ऊन खात पडून राहायची. सासऱ्यांना ती पहिल्यांदा दिसली तेव्हा ते कुणाला हाक मारायचंच विसरले. दुसऱ्या दिवशी त्यांनी जावयाच्या दंडाला हात लावला. असा हात त्यांनी आजवर कधी लावला नव्हता. म्हणाले, "जावईबापू, जरा या. आवाज मात्र करू नका."

दोघं कठड्याला टेकून उभे राहिले. बघता बघता काटेसाहेबांचा चहा गार झाला. त्यांनी तसाच प्यायला.

त्याच आठवड्यात त्यांनी रद्दीवाल्याकडून एक जाडजूड पुस्तक आणलं. वजन अर्थातच स्वतः तपासून घेतलं. आपल्या उपखंडातले सगळे साप, विषारी आणि बिनविषारी, रंगीत चित्रांसकट. पहिली काही पानं फाटलेली, त्यामुळे कुणी लिहिलंय ते कळायला मार्ग नव्हता, पण ज्याने लिहिलं त्याचा जीव होता सापांवर. त्यावरून धामणीची ओळख पटली: मोठे गोल डोळे, ओठांवर काळ्या उभ्या रेघा, दिवसा हिंडणार, उंदीर खाणार, विष औषधालाही नाही. मग रोज संध्याकाळी एक साप, असा नेमच झाला. काटेसाहेब मोठ्याने वाचायचे, सासरे डोळे मिटून ऐकायचे.

"आज नागराज," काटेसाहेब म्हणाले. "विषारी सापांत सगळ्यात लांब. आणि बाबा, ऐका, मादी पालापाचोळा ओढून आणून अंड्यांसाठी घरटं बांधते. सापांत एवढी मेहनत दुसरं कुणी घेत नाही."

"कमिटीची परवानगी न घेता?" सासरे डोळे न उघडता म्हणाले.

काटेसाहेब इतके हसले की बायको हातातलं काम टाकून दारात येऊन उभी राहिली. दुसऱ्या दिवशी मण्यार निघाली. मण्यारीचे दात इतके बारीक, की चावलेलं माणसाला कळतसुद्धा नाही, असं पुस्तकात होतं. सासरे म्हणाले, "आमच्याकडे एक सुपरवायझर होते तसे." आणि त्या सुपरवायझरची गोष्ट निघाली. घोणस कुकरच्या शिट्टीसारखी फुसफुसते, यावरून एक्स्चेंजमधल्या जुन्या यंत्रांचे आवाज निघाले. फुरशावरून रात्रपाळी निघाली. आणि समुद्रसापांच्या दिवशी, का कुणास ठाऊक, सासूबाई निघाल्या.

"ती दुसऱ्या गावच्या एक्स्चेंजला होती," सासरे म्हणाले. "लांबचा कॉल जोडायचा तर आधी तिच्याशी बोलावं लागायचं. वर्षभर मी तिला नुसत्या आवाजावर ओळखत होतो. मग एकदा लाइन बिघडली."

"मग?" काटेसाहेबांनी विचारलं.

"मग काय, उद्या. आजचा साप झाला."

ही गोष्ट बायकोलाही ठाऊक नव्हती. तिची आई याबद्दल कधी बोलली नव्हती आणि बाबा तर कशाबद्दलच बोलत नसत. त्या रात्री ती नवऱ्याला म्हणाली, "पुस्तक सावकाश वाचा हं. साप संपवू नका." काटेसाहेबांनी मान डोलावली. बायकोने आपल्यावर एखादी गोष्ट इतक्या विश्वासाने सोपवावी, हे फार दिवसांनी घडलं होतं.

सासऱ्यांनी एक मात्र बजावलं होतं. "धामणीचं आपल्यातच राहू द्या, जावईबापू. लोकांना साप म्हटलं की काठी आठवते." काटेसाहेब म्हणाले होते, "बाबा, एक अक्षर नाही बोलणार."

आणि मग तो रविवार. मीटिंगमध्ये सगळ्यात शेवटचा विषय होता, सेक्रेटरींच्या अभिनंदनाचा. हा विषय सेक्रेटरींनीच घातलेला. यंदा आवारात उंदीर जवळजवळ दिसलेच नाहीत, पूर्वी ते जिन्यात माणसाला वाट देत नसत, आणि हे सगळं सेक्रेटरींनी निवडलेल्या औषधामुळे झालं, सबब सभा त्यांचे आभार मानते, असा ठराव होता. लोक टाळ्या वाजवायच्या बेतात होते. खोटं माप डोळ्यांसमोर चाललेलं काटेसाहेबांना कधी बघवलं नव्हतं. ते उभे राहिले आणि म्हणाले, "माफ करा, पण उंदीर औषधामुळे गेलेले नाहीत. ते धामणीने खाल्लेत. पंपघराजवळ राहते."

टाळीसाठी उचललेले हात तसेच राहिले. पहिल्या मजल्यावरच्या शिवणक्लासवाल्या बाईंनी पाय खुर्चीवर घेतले. मग सगळे एकदम बोलायला लागले. कुणी म्हणालं फिनेल ओता, कुणी म्हणालं मुंगूस पाळा. एकाचं म्हणणं पडलं की फरश्या पेटवून द्याव्यात. फरश्या पेटत नाहीत हे त्याला समजावण्यात बराच वेळ गेला. दुसऱ्या मजल्यावर दाताचे डॉक्टर राहतात. ते उठून म्हणाले, "विष हे शेवटी दातात असतं, त्यामुळे या विषयावर मी बोललेलं बरं." आणि बराच वेळ बोलले. त्यांच्या बोलण्यातून, सापाने नियमित दात घासले असते तर हा प्रश्न आला नसता, असं काहीसं निघालं.

काटेसाहेब एकटे किल्ला लढवत होते. उपखंडातले बहुतेक साप बिनविषारी असतात, माणसाला ज्यांची भीती ते थोडे, आपल्यासारख्या वस्तीजवळ नाग, मण्यार, घोणस, फुरसं एवढीच नावं लक्षात ठेवायची, आणि धामण त्यात येत नाही. सेक्रेटरींनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं. आभाराचा ठराव हातचा गेलेला माणूस किती शांत असू शकतो, हे तेव्हा दिसलं. मग ते म्हणाले, "ती बिनविषारी आहे हे तुम्ही म्हणता, काटेसाहेब. लेखी आहे का?"

काटेसाहेबांच्या जागी दुसरा कुणी असता तर चिडला असता. काटेसाहेबांना उलट बरं वाटलं. एवढ्या गोंगाटात कुणीतरी मुद्द्याचं बोललं होतं. ते ताठ उभे राहून म्हणाले, "लेखी आणून देतो. शिक्क्यासकट." सभेने ठरवलं, की दाखला येईपर्यंत सापाला हात लावायचा नाही, आला तर साप राहील, नाही आला तर काठ्या आहेतच.

घरी आल्यावर त्यांनी सासऱ्यांना सगळं सांगितलं. "कशाला बोललात?" एवढंच सासरे म्हणाले. काटेसाहेब म्हणाले, "बाबा, आजवर ती चोरून राहत होती. आता हक्काने राहील." सासऱ्यांनी त्यांच्याकडे बघितलं आणि म्हणाले, "बरं." त्या दिवशी साप वाचायचा राहून गेला.

वनखात्याच्या कचेरीत काटेसाहेब अर्ज, पुस्तक आणि धामणीचे फोटो घेऊन गेले. खिडकीतल्या कारकुनाने मान वर न करता विचारलं, "साप पकडलेला की न पकडलेला?"

"न पकडलेला. पकडायचा नाहीच आहे. बिनविषारी असल्याचा दाखला पाहिजे, एवढंच."

"न पकडलेल्या सापाचा दाखला निघत नाही."

"का?"

"द्यायचा कुणाच्या नावाने? साप समोर नको?"

"फोटो आहेत ना."

"फोटोतला साप तोच कशावरून?"

खरं सांगायचं तर काटेसाहेबांना मुद्दा मनापासून पटला. दुकानदाराने काट्याचा फोटो आणला असता तर त्यांनी तरी शिक्का मारला असता का? ते म्हणाले, "मग तुमच्या साहेबांनी येऊन बघून जावं."

"बिनविषारीसाठी साहेब येत नाहीत. कुठे कुठे जाणार? विषारी असला तर लगेच गाडी निघते."

"पण ती विषारी नाही."

"हे अजून ठरलंय कुठे?" कारकून पहिल्यांदाच मान वर करून म्हणाला. "ठरलं असतं तर तुम्ही दाखला मागायला आला असता का?"

आणि त्याने दुसरा अर्ज पुढे सरकवला. त्यात 'विषारी असल्याचा संशय' असं लिहिलेला एक चौकोन होता. तिथे खूण केली की गाडी येणार, साहेब येणार, बघणार, दाखला मिळणार. काटेसाहेबांनी पेन उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. सगळ्या नोकरीत त्यांनी एक खोटी नोंद केली नव्हती. मग त्यांनी स्वतःची समजूत घातली, की संशय म्हणजे काही खोटं नव्हे. न तपासलेला काटा हा संशयितच असतो. त्यांनी खूण केली आणि खाली वळणदार सही ठोकली.

"संशय?" घरी सासऱ्यांनी विचारलं. "तुम्हाला?"

"मला नाही बाबा, अर्जाला."

"पकडणार नाहीत ना?"

"छे हो. नुसतं बघणार."

गाडी दुसऱ्या दिवशी सकाळीच आली. वनखात्याचे साहेब आणि त्यांच्याबरोबर साप पकडणारा एक गृहस्थ. तो एरवी वायरिंगची कामं करायचा आणि सापाबरोबर फोटो काढून घेण्याची त्याला हौस होती. सगळी सोसायटी गोळा झाली. शिवणक्लासवाल्या बाईंनी क्लासच्या मुलींना सुट्टी देऊन बरोबर आणलं होतं. काटेसाहेब पुढे झाले, हसून म्हणाले, "साहेब, ती थोड्या वेळात उन्हाला येईलच. इथूनच बघा आणि दाखला लिहून द्या."

"संशय तुमचाच ना?" साहेबांनी अर्ज बघत विचारलं. "सही तुमचीच दिसते. वस्तीत विषारी सापाचा संशय असेल तर आधी पकडायचा, मग ओळखायचा. ओळखायला गेलो आणि चावला तर जबाबदार कोण?"

काटेसाहेब तोंड उघडेपर्यंत वायरिंगवाल्याने फरश्या उचलायला सुरुवात केली होती. कमिट्यांमागून कमिट्या गेल्या, कुणाच्या हातून न हललेला तो ढीग बघता बघता अर्धा झाला. आणि धामण निघाली. ती सावकाश ऊन खाणारी धामण ही नव्हेच. ही सुटली ती थेट काटेसाहेबांच्या दिशेने. गेले कितीतरी दिवस जिच्या निरुपद्रवीपणाची ग्वाही ते देत होते, ती त्यांच्या बुटांवरून गेली. पुढचं त्यांना नीट आठवत नाही. भानावर आले तेव्हा ते पंपघराच्या छपरावर होते, अनवाणी माणसालाही जिथे चढता येत नाही अशा जागी, आणि खाली दाताचे डॉक्टर लोकांना सांगत होते, "बघा, ज्यांना माहीत आहे ते कुठे जाऊन बसलेत."

वायरिंगवाल्याने तिला शेपटीला धरलं. तिने वळून त्याच्या हाताचा कडकडून चावा घेतला. हातावर रक्त आलं. तो म्हणाला, "काही नाही, धामण आहे," आणि दुसऱ्या हाताने कापडी पिशवीचं तोंड उघडलं. साहेबांनी गाडीच्या बॉनेटवर कागद ठेवून लिहिलं, की सदर साप धामण असून बिनविषारी आहे व त्यापासून रहिवाशांना कोणताही धोका नाही. खाली गोल शिक्का मारला. इतका स्वच्छ उमटलेला शिक्का काटेसाहेबांनी क्वचितच पाहिला होता.

"मग सोडा ना तिला," छपरावरून उतरवून घेतलेले काटेसाहेब म्हणाले.

"इथे?" साहेब म्हणाले. "पकडलेला साप वस्तीत सोडायचा नाही, नियम आहे. जंगलात सोडणार."

"पण धोका नाही असं तुम्हीच लिहिलंय."

"धोका नाहीच. म्हणून तर तिला सोडणार आहोत."

तेवढ्यात सासरे आले. गुडघ्यांमुळे ते सहसा जिना उतरत नसत. गॅलरीतून त्यांनी सगळं पाहिलं असणार. ते पिशवीजवळ जाऊन उभे राहिले. पिशवी एकदा हलली. "आजोबा, लांब राहा," साहेब म्हणाले. सासऱ्यांनी विचारलं, "जिथे सोडणार, तिथे ऊन येतं का सकाळचं?" साहेब म्हणाले, "येत असेल." गाडी गेली. सासरे जिना चढून वर गेले, प्रत्येक पायरीवर थांबत. काटेसाहेब हात द्यायला पुढे झाले आणि मागेच राहिले.

दाखला सेक्रेटरींनी नोटीस बोर्डावर लावला. ते दिलदार माणूस. अगदी मधोमध लावला. अर्ध्या झालेल्या ढिगातल्या उरलेल्या फरश्याही कमिटीने उचलल्या. मग पाऊल न वाजवता उंदीर परत आले. त्यांनी शिवणक्लासमधलं कपाटभर कापड कुरतडलं, तेव्हा बाई काटेसाहेबांना जिन्यात अडवून म्हणाल्या, "ती होती तेच बरं होतं हो. तुम्ही कशाला तक्रार केलीत तिची?" अर्जावरची सही काटेसाहेबांचीच होती. पुढच्या मीटिंगमध्ये उंदरांच्या नव्या औषधाचा ठराव आला. तेव्हा ते मागच्या रांगेत बसले, चहा प्यायले आणि गुपचूप परत आले.

त्यांनी प्रयत्न केला नाही असं नाही. कचेरीत जाऊन नेमकं कुठे सोडलं ते विचारलं. कारकून म्हणाला, "जंगलात." सोडलेल्या सापाची पुढची नोंद ठेवत नाहीत. मग एका सुट्टीच्या दिवशी ते सासऱ्यांना घेऊन बसने जंगलाच्या फाटकापर्यंत गेले. समोर डोंगरच डोंगर. सासरे कपाळावर हात धरून थोडा वेळ बघत राहिले आणि म्हणाले, "चला, उशीर होईल." परतताना बसमध्ये दोघांना वेगवेगळ्या ओळीत जागा मिळाली.

"बाबांना त्या बिघडलेल्या लाइनचं विचारा ना," बायको एकदा म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, आणि तेच काटेसाहेबांना फार लागलं. स्वतः विचारायचं तिला धाडस होत नव्हतं. विचारलं आणि बाबा गप्प राहिले तर आई दुसऱ्यांदा गेल्यासारखं होईल, असं काहीसं ती म्हणाली. बोलण्याची तार कुठे जोडलेली होती हे दोघांनाही आत्ता कळत होतं, आणि ती काटेसाहेबांनी स्वतःच्या हाताने, अर्ज करून तोडली होती. नुसते गप्प बसले असते तर झालं असतं. इतके दिवस त्यांनी गप्प बसून पेपर पुढे केला होता, आणि जिथे गप्प बसायचं तिथेच नेमके बोलले.

त्या संध्याकाळी ते पुस्तक घेऊन पुढच्या खोलीत आले. सासरे आपल्या खुर्चीवर होते. काटेसाहेबांनी खूण घातलेलं पान उघडलं. "बाबा, आज मांडूळ," ते म्हणाले. "बिनविषारी. दोन तोंडं असतात असं लोक म्हणतात, पण तसं काही नसतं." ते सावकाश वाचत गेले, बायकोने सांगितलं होतं तसं. पान संपलं. सासरे डोळे मिटून बसले होते. आतल्या खोलीत बायकोच्या हातातलं काम थांबल्याचं काटेसाहेबांना जाणवलं.

"मग बाबा," त्यांनी धीर करून विचारलं, "ती लाइन बिघडली, पुढे काय झालं?"

सासऱ्यांनी डोळे उघडले. जावयाकडे बघितलं. ओठ जरासे हलले. काटेसाहेब खुर्चीत पुढे सरकून बसले.

"जावईबापू," सासरे अगदी मृदूपणे म्हणाले, "पंखा जरा कमी करू का?"

"करा ना," काटेसाहेब म्हणाले, आणि तिथे तसंच बसून राहायला जमणार नाही म्हणून स्वतःच उठून त्यांनी पंखा कमी केला.